कपाटातला पूर

माझ्या कपाटात एक मिनी-डीव्ही कॅसेट आहे. आगपेटीपेक्षा थोडी मोठी. तिच्या कडेवर माझ्याच अक्षरात लिहिलंय : ‘आजी, पानशेत, १’.

या आजी शनिवार पेठेतल्या. नात्यातल्या नव्हेत, पण आम्ही सगळे त्यांना आजीच म्हणायचो. २००४ साली त्यांच्या वाड्याच्या माडीवर बसून मी त्यांना कॅमेऱ्यासमोर बोलतं केलं. १२ जुलै १९६१ची सकाळ, बुधवार. कुकर लावलेला. खालून कुणीतरी धरण फुटल्याचं ओरडत गेलं, तेव्हा त्यांना ती अफवा वाटली. मग पाणी चौकात आलं, जोत्यावर चढलं, जिन्याची एकेक पायरी गिळत वर सरकलं. त्या टेपमधून मी सहा मिनिटांची एक छोटी फिल्म केली. ती चार ठिकाणी दाखवली, लोक हळहळले, आजीही खूश झाल्या. उरलेली चोपन्न मिनिटं कॅसेटमध्येच राहिली.

त्यांत एक जागा होती. पूर ओसरल्यावर शेजारच्या बिऱ्हाडात काय दिसलं, हे मी विचारलं आणि आजी गप्प झाल्या. बराच वेळ. वरचा पंखा तेवढा करकरत होता. त्यांनी पदराची किनार बोटाला गुंडाळली, सोडली, पुन्हा गुंडाळली. मग त्या एवढंच म्हणाल्या, चहा टाकते. मला ती शांतता लांबलेली वाटली आणि एडिटिंगमध्ये मी ती काढून टाकली.

२०१९ साली ती पूर्ण टेप पुन्हा पाहावी म्हणून बाहेर काढली, तर रिबिनीच्या काठावर पांढरी बुरशी धरलेली. पुण्याचे पंधरा पावसाळे तिने लोखंडी कपाटात काढले होते. घाईने मी ती तशीच मशीनमध्ये घातली. चित्राचे चौकोनी तुकडे झाले, आवाज तुटला आणि चौथ्या मिनिटाला टेप अडकली. आजी त्याच्या आधीच गेल्या होत्या. त्यांच्या पुराची सहा मिनिटं माझ्याकडे आहेत; त्यांची शांतता माझ्याकडे नाही. या चुकीचं खापर फोडायला दुसरं कोणी नाही.

हा लेख त्या चुकीपायी लिहितो आहे. पुण्यात अशा किती कॅसेटी कपाटांत, माळ्यांवर, पलंगाखालच्या ट्रंकांत पडून असतील, याचा विचार केला की झोप उडते. माझं मागणं सरळ आहे : त्या वाचवू या. त्यासाठी शहराने एक खोली उभी करावी आणि आपण प्रत्येकाने एक रविवार द्यावा.

पानशेत आपल्याला पाठ आहे, असं आपण समजतो. आंबी नदीवरचं धरण अजून पुरतं बांधून झालेलं नव्हतं, तरी त्यात पाणी अडवलं. पाणी सोडण्याच्या बोगद्याचं काँक्रीट लोखंडी सळ्यांशिवाय केलेलं होतं. तिथला भराव खचू लागल्यावर जवानांनी रात्रभर वाळूची पोती रचून धरण तोलून धरलं. सकाळी ते फुटलं. खाली खडकवासल्याचं ऐंशी वर्षांचं जुनं धरण तो लोंढा पेलू शकलं नाही आणि मुठा पेठांमध्ये शिरली. दिवसाउजेडी पाणी आलं म्हणून हजारो जीव वाचले. किती गेले, याबद्दल आजही एकमत नाही. पुढे चौकशी आयोग बसले, पूरग्रस्तांच्या वसाहती झाल्या, नदीकाठची कितीतरी कुटुंबं पेठ सोडून कायमची लांब राहायला गेली. ज्या खडकवासल्याने शहराला पाणी पुरवायचं तेच वाहून गेल्यामुळे पूर ओसरल्यावर पुणं पिण्याच्या पाण्यासाठी तडफडत होतं.

हे सगळं कागदावर आहे. पण पूरग्रस्ताचा दाखला मिळवायला रांगेत उभं राहताना काय वाटलं, लग्नातला शालू चिखलातून काढून धुतला तेव्हा त्याचा रंग कसा गेला, भिजलेल्या धान्याचा वास वाड्यातून किती महिने गेला नाही, रात्री मोरीतला नळ टपकला तरी लहान मुलं का दचकून उठायची, हे कोणत्या आयोगाच्या अहवालात सापडणार? ते माणसांत आहे. त्या दिवशी दहा वर्षांचं असलेलं मूल आज पंच्याहत्तरीच्या आसपास आहे. तेव्हा संसार सांभाळणाऱ्या बायका तर बहुतेक गेल्याच. त्यांच्यातल्या ज्या कुणाला मुलाने, नातवाने, एखाद्या विद्यार्थ्याने, एखाद्या माहितीपटकाराने कधीतरी बोलतं केलं, त्यांचा आवाज आता फक्त टेपवर आहे.

माहितीपटकाराचं खरं भांडवल म्हणजे त्याच्या रशेस, म्हणजे चित्रित केलेलं पण चित्रपटात न आलेलं सारं. ते किती मोलाचं ठरतं, हे आनंद पटवर्धनांच्या कामात मला सगळ्यांत स्पष्ट दिसलं. १९८५च्या ‘हमारा शहर’मध्ये त्यांनी मुंबईच्या झोपडपट्ट्यांवर फिरणारा बुलडोझर टिपला आणि त्या चित्रपटात शाहीर विलास घोगरे गायले. बारा वर्षांनी, ११ जुलै १९९७ रोजी, घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. जमलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळीबार केला आणि त्यात दहा जण मारले गेले. चार दिवसांनी विलास घोगरे यांनी आपल्या खोलीत गळफास घेतला. पटवर्धनांनी तिथून जो चित्रपट सुरू केला तो पुरा व्हायला चौदा वर्षं लागली. ‘जय भीम कॉम्रेड’ २०११ साली आला आणि घोगरे पुन्हा आपल्यासमोर उभे राहिले, कारण जुनी रिळं जपलेली होती. ती फेकून दिली असती तर त्या शाहिराचं मरण तेवढं आपल्याला कळलं असतं, गाणं नव्हे.

त्याच चित्रपटाच्या उत्तरार्धात कॅमेरा पुण्यात येतो, कबीर कला मंच या शाहिरी गटाच्या तरुणांकडे, त्यांतल्या शीतल साठे यांच्याकडे, कासेवाडीतल्या त्यांच्या आईकडे. ज्या पुण्याला आपण पेठा, वाडे आणि व्याख्यानमाला यांपलीकडे फारसं ओळखत नाही, त्या पुण्याची ही चित्रं आहेत. पन्नास वर्षांनी या शहराचा इतिहास लिहायला बसणाऱ्याला ती लागतील आणि चित्रपटात न आलेले तासही लागतील.

२०२३ साली पटवर्धनांचा ‘वसुधैव कुटुंबकम्’ आला. त्याचा पाया म्हणजे म्हाताऱ्या आईवडिलांचं घरच्या घरी वर्षानुवर्षं केलेलं चित्रण. हा चित्रपट होईल असा बेत तेव्हा नव्हता, मुलगा आईबाबांना टिपत होता एवढंच. स्वातंत्र्यचळवळीत उतरलेल्या घराची, फाळणीने तोडलेल्या सिंधची, काकांच्या भूमिगत दिवसांची आठवण त्या घरगुती टेपांमधून वर आली. घरोघरी बारशांच्या आणि मुंजींच्या कॅसेटी असतात. एखाद्या मुंजीच्या कॅसेटमध्ये कोपऱ्यात बसलेले आजोबा पानशेतबद्दल, दुष्काळाबद्दल किंवा सिंधहून पिंपरीच्या कॅम्पात येऊन पडलेल्या पहिल्या हिवाळ्याबद्दल दोन वाक्यं बोलून गेलेले असतात. आपण ती पुढे ढकलतो, कारण आपल्याला बटूचा चेहरा बघायचा असतो.

पुण्याला तर हे कोणी शिकवायला नको. पी. के. नायर याच गावात राहिले. १९६४ साली स्थापन झालेल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात ते पुढच्याच वर्षी आले आणि १९९१ साली निवृत्त झाले. मधल्या काळात गावोगाव हिंडून, गोदामं आणि अडगळी उपसून, फाळक्यांच्या घरच्यांकडून ‘राजा हरिश्चंद्र’ची उरलीसुरली रिळं मिळवून त्यांनी संग्रह उभा केला. अंधाऱ्या थिएटरात टॉर्चच्या उजेडात वहीत टिपणं घेणाऱ्या या माणसावर शिवेंद्रसिंह डुंगरपूर यांनी ‘सेल्युलॉइड मॅन’ काढला तो २०१२ साली. भारतात तेराशेहून जास्त मूकपट बनले आणि त्यांतले हाताच्या बोटांवर मोजावेत एवढेच धड उरले. चांगलं काय, वाईट काय हे पुढच्यांनी ठरवावं, आपण सगळं जपावं, असा नायरसाहेबांचा बाणा होता. २०१६ साली ते पुण्यातच गेले.

हरवणं कसं असतं तेही आपल्या गावाने पाहिलं आहे. प्रभातच्या जुन्या स्टुडिओत, म्हणजे आजच्या फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारात, ८ जानेवारी २००३ रोजी नायट्रेट फिल्मच्या गोदामाला आग लागली. सहाशेहून अधिक चित्रपटांची पाच हजारांवर रिळं जळाली. त्यांत प्रभातचीही होती. बऱ्याच चित्रपटांच्या प्रती इतरत्र होत्या म्हणून आपण ते आजही बघू शकतो, पण मूळ रिळं गेली ती गेलीच.

आग निदान दिसते, बंब येतो, दुसऱ्या दिवशी पेपरात बातमी येते. टेपचं मरण कुणाला दिसत नाही. चुंबकीय रिबिनीवरचा लेप सुटू लागतो, बुरशी धरते, आणि त्यापेक्षा मोठी गोष्ट म्हणजे ती वाचणारी मशीनच जगातून नाहीशी होत चालली आहेत. सोनीने २०१६च्या मार्चमध्ये बीटामॅक्स टेप विकणं थांबवलं. त्याच वर्षी जुलैमध्ये जपानच्या फुनाई कंपनीने शेवटचा व्हीएचएस प्लेअर तयार केला. टेपवरचं जे काही २०२५पर्यंत डिजिटल होणार नाही ते बहुधा कायमचं जाईल, असा इशारा ऑस्ट्रेलियातल्या राष्ट्रीय चित्रपट व ध्वनी संग्रहालयाने २०१५ सालीच दिला होता. पुढे युनेस्कोनेही जगभर तोच धोका सांगितला. ती मुदत उलटली. आपली मशीन जितके दिवस चालतील तितकेच दिवस आता हातात आहेत.

आपल्याकडच्या स्वतंत्र माहितीपटांचा फार मोठा भाग नेमका याच टेपांवर आहे. १९९०च्या दशकात कॅमेरे स्वस्त झाले, आणि ज्यांना फिल्मचं रीळ कधी परवडलं नसतं अशा तरुणांनी हाय-एट आणि डीव्हीवर वस्त्या, मोर्चे, दंगलीनंतरच्या गल्ल्या, शाहिरांचे जलसे, धरणग्रस्तांच्या सभा टिपल्या. सरकारी फिल्म्स डिव्हिजनचं काम निदान कुठल्या तरी शेल्फवर आहे. या मुलांचं काम त्यांच्या घरी आहे. ती मुलं आता साठीकडे झुकलीत, त्यांनी घरं बदलली, काही गेलीही, आणि त्यांच्या खोल्या आवरताना घरच्यांना कळत नाही की या डब्यांचं करायचं काय.

या गोष्टीचं महत्त्व मला सगळ्यांत जास्त पटलं ते कमलाबाई गोखल्यांमुळे. १९१३च्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये त्या पडद्यावर आल्या तेव्हा त्या कोवळ्या वयाच्या होत्या, आई दुर्गाबाई कामत यांनीही त्याच चित्रपटात काम केलं होतं. तो चित्रपट आज उपलब्ध नाही. पण फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेल्या रीना मोहन यांनी पुण्यात राहणाऱ्या वृद्ध कमलाबाईंना कॅमेऱ्यासमोर बसवलं आणि १९९२ साली ‘कमलाबाई’ पुरा केला. नटीचा धंदा हलका मानला जाण्याचे दिवस, कंपनीचे दौरे, वैधव्य, एकटीने ओढलेला संसार, हे सगळं त्या स्वतःच्या तोंडाने सांगतात. पुढे काही वर्षांनी कमलाबाई गेल्या. भारतीय सिनेमातल्या पहिल्या स्त्रियांपैकी एकीचा चेहरा हलताना बघायचा असेल तर आज आपल्याला ज्याच्याकडे जावं लागतं, तो एका तरुण बाईने चिकाटीने केलेला माहितीपट आहे.

आता मागणं नीट सांगतो. पुण्यात एक टेपघर व्हावं. मोठी इमारत नको, उद्घाटनाची फीतही नको. एक कोरडी, थंड खोली. तिच्यात चालू स्थितीतली पाच-सहा जातींची मशीन, ती दुरुस्त करू शकणारा एक माणूस, दोन संगणक आणि वहीत नोंद करणारं एक कोणीतरी. एक तासाची टेप उतरवायला एक तासच लागतो, त्यात घाई चालत नाही. शंभर कॅसेटी, एक मशीन, दिवसाचे आठ तास, म्हणजे तेरा दिवस. एवढं करणं या शहराला अशक्य आहे का? फिल्म इन्स्टिट्यूटकडे हुन्नर आहे, चित्रपट संग्रहालयाकडे थंड गोदामांचा अनुभव आहे, विद्यापीठाकडे विद्यार्थी आहेत, महापालिकेकडे वापराविना पडलेल्या खोल्या आहेत. २०२२ साली संग्रहालय आणि फिल्म्स डिव्हिजन या संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाल्या. त्यावर चित्रपटवाल्यांमध्ये बरंच वादंग झालं. माझी स्वतःचीही काळजी मिटलेली नाही. म्हणूनच कोणत्याही एका कार्यालयाच्या भरवशावर न राहता शहराने स्वतःचं काहीतरी उभं करावं असं मला वाटतं.

लग्नाचे व्हिडिओ काढणाऱ्या आमच्या बंधूंना माझी वेगळी विनंती आहे. तुमच्या दुकानांत मागच्या बाजूला अजून जुने डेक आहेत. हेड कसं साफ करायचं, बेल्ट सैल झाला की काय करायचं, हे या शहरात तुमच्याइतकं कुणाला येत नाही. ते डेक भंगारात देऊ नका. टेपघराचे पहिले कारागीर तुम्ही असणार आहात. आणि गणेश मंडळांनो, एका वर्षीच्या देखाव्यातून एक मशीन दुरुस्त होईल एवढी वर्गणी बाजूला काढा. तुमच्या पेठेतली पानशेत पाहिलेली माणसं तुम्हाला नावानिशी माहीत आहेत. कोणती संस्था आली तरी ती इतक्या पटकन त्यांच्यापर्यंत पोहोचू शकणार नाही.

आठवणी कोणाच्या जपायच्या, हेही आत्ताच बोलून घेऊ. पानशेतची गोष्ट आपण नेहमी वाड्यांच्या बाजूने सांगत आलो. नदीकाठच्या झोपड्यांत, धोब्यांच्या आणि मजुरांच्या वस्त्यांत त्या दिवशी काय झालं हे कमी ऐकू येतं. धरणासाठी ज्यांची शेतं आणि घरं आधीच गेली होती, त्या खोऱ्यातल्या गावांचं तर त्याहूनही कमी. १९२१ ते १९२४ दरम्यान मुळशीत सेनापती बापटांबरोबर धरणाविरुद्ध जी शेतकरी माणसं उभी राहिली त्यांचा हलता चेहरा आपल्याकडे नाही, कारण तिथे कॅमेरा नव्हता. पानशेतच्या बाबतीत ही सबब आपल्याला सांगता येणार नाही. दत्तवाडीत जा, गोखलेनगरच्या जुन्या वसाहतीत जा, वरच्या खोऱ्यातल्या विस्थापितांच्या गावांत जा आणि ऐका.

टेपघराला कुलूपही हवं. दुखऱ्या जागेबद्दल बोलताना माणूस समोरच्या एका माणसावर विश्वास टाकतो, सगळ्या जगावर नाही. एखाद्या बाईने कॅमेऱ्यासमोर जे सांगितलं ते तिच्या सासरच्यांना कळू नये असं तिला वाटलं असेल. दंगलीत काय केलं आणि काय पाहिलं हे सांगणाऱ्याचं नाव उघड झालं तर आजही त्याला त्रास होईल. म्हणून प्रत्येक टेपसोबत अटी लिहून ठेवाव्या लागतील : ही आत्ता दाखवता येईल, ही घरच्यांना विचारून, ही तीस वर्षांनी. जपलं म्हणजे लगेच फोनवर पसरवायचं असं नाही. ज्या माहितीपटकारांना आपल्या रशेस कुणाच्या हाती द्यायला भीती वाटते, त्यांच्या भीतीला माझा पूर्ण मान आहे, आणि त्यांच्यासाठीच हे कुलूप मागतो आहे.

पूर संपलेला नाही. २५ सप्टेंबर २०१९च्या रात्री आंबिल ओढ्याने माणसं नेली. २५ जुलै २०२४ रोजी खडकवासल्यातून पाणी सोडल्यावर सिंहगड रस्त्यावरच्या एकतानगरीत लोक कंबरभर पाण्यात उभे होते. त्या दिवशी शेकडो फोनवर व्हिडिओ निघाले असतील. ते आज कुठे आहेत? फोन बदलला, जागा भरली म्हणून पुसले. टेपचा जो घात पंधरा वर्षांत झाला तो फोनमध्ये पंधरा महिन्यांत होतो. नदीकाठी काय बांधावं, पाणी कुठवर येतं, यावर जेव्हा पुन्हा कागद फिरतील तेव्हा माणसांनी आपल्या डोळ्यांनी पाहिलेली पूररेषा दाखवायला आपल्याकडे काय असेल?

टेपघर होईल तेव्हा होईल. या रविवारी मात्र माळ्यावरचा डबा खाली काढा. पत्र्याखाली उकडणाऱ्या माळ्यावर किंवा ओल धरलेल्या भिंतीला लागून टेप ठेवू नका. कॅसेटी उभ्या ठेवा, आडव्या नकोत. मिनी-डीव्हीच्या पाठीवर एक बारीक सरकती पट्टी असते, ती ‘सेव्ह’कडे सरकवा म्हणजे चुकून वरून काही रेकॉर्ड होणार नाही. पांढरी बुरशी दिसली तर माझ्यासारखी घाई करू नका. ती टेप मशीनमध्ये घातली तर मशीनही खराब होतं आणि त्यानंतरच्या टेपांनाही बुरशी लागते. ती बाकीच्यांपासून वेगळी ठेवा. जुन्या ८ मिलिमीटर फिल्मच्या डब्याला व्हिनेगरसारखा आंबट वास येत असेल तर तोही डबा वेगळा काढा. उतरवून झालेल्या प्रती किमान दोन ठिकाणी असू द्या, त्यांतली एक दुसऱ्या कुणाच्या घरी. आणि प्रत्येक डब्यावर कोण, कुठे, कोणत्या वर्षी, हे पेन्सिलीने लिहा. ‘घरचे, इतर’ असं लिहिलेल्या डब्यातून उद्या कुणाला काही सापडणार नाही.

मग घरात किंवा शेजारी पानशेत पाहिलेलं कोणी असेल त्यांच्याजवळ बसा. फोन स्टँडवर लावा, पंखा बंद करा, पाण्याचा पेला त्यांच्या हाताशी ठेवा. विचारा, त्या बुधवारी सकाळी तुम्ही काय करत होतात? आणि ते गप्प झाले तर रेकॉर्डिंग थांबवू नका.